‘प्रदेशनिष्ठ’ : एका शास्त्रीय विशेषणाचे अर्थ आणि वापर

शास्त्रीय लेखनात येणारी बहुतेक विशेषणे वस्तूचा गुण सांगतात. द्रावण अम्लधर्मी असते, खडक सच्छिद्र असतो, स्फटिक पारदर्शक असतो, आणि हे गुण त्या त्या वस्तूची तपासणी करून ठरवता येतात. ‘प्रदेशनिष्ठ’ या विशेषणाचे तसे नाही. एखाद्या वनस्पतीचा कंद, पान, फूल, बी यांची सूक्ष्मदर्शकाखाली कितीही बारकाईने पाहणी केली तरी ती प्रदेशनिष्ठ आहे की नाही हे त्यातून कळत नाही, कारण हे विशेषण वनस्पतीविषयी जेवढे बोलते त्याहून अधिक, ती जिथे उगवत नाही अशा सगळ्या मुलखाविषयी बोलते. हेच विशेषण रोगाला लागते तेव्हा नजर उलट दिशेला वळते. वैद्यकाला बाहेरच्या मुलखाशी कर्तव्य नसते, रोग या मुलखात ठाण मांडून बसला आहे की नाही एवढेच त्याला विचारायचे असते. एकाच विशेषणाचे हे दोन वापर परस्परांकडे पाठ करून उभे आहेत, आणि ते ध्यानात न घेतल्यामुळे होणारे घोटाळे केवळ कोशकारांच्या चिंतेपुरते उरलेले नाहीत. जमिनीच्या वापराचे, आरोग्यावरील खर्चाचे आणि शेतमालाच्या नावलौकिकाचे निर्णय त्यांच्यात गुंतलेले आहेत.

ज्या ग्रीक शब्दापासून युरोपीय भाषांतले हे विशेषण आले त्याचा अर्थ ‘लोकांमध्ये असलेला’ एवढाच होता, आणि साथीच्या रोगांसाठीचा प्रसिद्ध शब्द हा त्याचाच भाऊ. एक लोकांत राहणारा, दुसरा लोकांवर येऊन पडणारा. कित्येक शतके तो वैद्यकाच्याच घरात होता. स्विस वनस्पतिशास्त्रज्ञ ओग्युस्तँ पिराम द कांदोल यांनी १८२० साली वनस्पतींच्या भौगोलिक वाटणीची चर्चा करताना तो वैद्यकाकडून उसना घेतला आणि एकाच देशात वाढणाऱ्या वनस्पतिसमूहांना लावला. उसनवारीत शब्दाचा रोख बदलला: ‘येथे नेहमी असणारा’ याऐवजी ‘येथेच असणारा’ असा अर्थ झाला, आणि त्या एका ‘च’मुळे दोन शास्त्रांचे रस्ते वेगळे झाले. मराठीत निसर्गविषयक लेखनाने ‘प्रदेशनिष्ठ’ हा शब्द पुरता आपलासा केला आहे. वैद्यकीय लेखनात मात्र कधी ‘स्थानिक’, कधी ‘प्रदेशनिष्ठ’, तर कधी ‘एन्डेमिक’ हा परका शब्द जसाच्या तसा दिसतो. वनस्पतीच्या बाबतीत ‘निष्ठा’ म्हणणे अंमळ उदारपणाचेच आहे, कारण ती वनस्पती त्या जागी प्रेमाने राहिलेली नसून बहुधा दुसरीकडे जाता न आल्यामुळे राहिलेली असते. पण शब्द रुळला आहे, आणि रुळलेला शब्द बदलण्यापेक्षा तो नेमका वापरणे अधिक फायद्याचे.

रत्नागिरी तालुक्यातले मिरजोळे हे गाव या विशेषणाची परीक्षा पाहण्यास सोयीचे आहे. शहराला लागून असलेल्या या गावात औद्योगिक वसाहत आहे, जवळच विमानतळ आहे, आणि अशा कामांना लागणारी ऐसपैस सपाट जागा या भागात पुरवतो तो जांभ्या दगडाचा सडा. जांभा म्हणजे बेसॉल्टसारखा मूळ खडक उष्ण हवा आणि मुसळधार पाऊस यांच्या माऱ्याखाली दीर्घकाळ झिजत-कुजत गेल्यावर, त्यातली सिलिका आणि इतर विरघळणारी द्रव्ये वाहून जाऊन मागे उरलेला, लोह व ॲल्युमिनियम यांच्या ऑक्साइडांनी भरलेला तांबडा, भोकाभोकांचा खडक. फ्रान्सिस बुकॅनन याने १८०७ साली मलबारातल्या अशाच खडकाला विटेसाठी असलेल्या लॅटिन शब्दावरून ‘लॅटराइट’ हे नाव दिले, कारण तिथेही कोकणाप्रमाणेच हा दगड खाणीतून विटेसारखा तासून काढण्याची रीत होती. कोकणी माणसाला त्याचे महत्त्व चिऱ्यापुरते. सातबाऱ्यावर असा उघडा कातळ बहुधा पोटखराबा म्हणून नोंदलेला असतो, म्हणजे खातेदाराच्या जमिनीपैकी लागवडीस अयोग्य ठरवलेला भाग. आणि कडेला थोडीफार माती धरून असलेली, नाचणी-वरीपुरती उपयोगी पडणारी जमीन ती वरकस. नांगराच्या दृष्टीने ही प्रतवारी चुकीची नाही.

मे महिन्यात अनवाणी पाय ठेववत नाही इतका हा कातळ तापतो आणि मृगाच्या पावसानंतर काही दिवसांतच तो पाण्याखाली जातो. वर्षाकाठी तीन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडणाऱ्या या पट्ट्यात पाण्याची वाण पावसाळ्यात नसते; वाण असते ती मातीची. कातळाच्या खळग्यांत बोटभर, कुठे दोन बोटे माती साचते, तीही नत्र आणि स्फुरद यांच्या बाबतीत दरिद्री, आणि ऑक्टोबर संपता संपता ती वाळून कोरडी पडते. चार महिने दलदल आणि आठ महिने वाळवंट असे दुहेरी जिणे ज्यांना जमते अशाच वनस्पती येथे टिकतात. दीपकाडी ही त्यांतली ठळक. तिचा कंद वर्षातला बराच काळ मातीच्या त्या पातळ थरात निपचित पडून असतो. पहिल्या पावसाने तो जागा होतो, पाठोपाठ लांब नळीची पांढरी फुले दांड्यावर उभी राहतात, आणि पावसाळा सरण्याच्या आत बी धरून सारा संसार पुन्हा जमिनीखाली जातो. निकोल अलेक्झांडर डॅल्झेल याने १८५० साली तिचे शास्त्रीय वर्णन करताना जातिनामातच ‘कोंकण’ गोवले. ती कोकणच्या कातळसड्यांशी जखडलेली आहे, आणि या अर्थाने ती प्रदेशनिष्ठ म्हणवली जाते.

पण त्याच खळग्यात, तिच्यापासून हातभर अंतरावर, दवबिंदू ही कीटकभक्षी वनस्पती असते. पानांवरच्या चिकट केसांनी ती किडे पकडते आणि मातीत नसलेले नत्र त्यांच्याकडून मिळवते, म्हणजे सड्याच्या दारिद्र्याशी जुळवून घेण्याची तिची तऱ्हा दीपकाडीपेक्षाही नवलाची आहे. तरीही ती प्रदेशनिष्ठ नाही, कारण हीच जाती आशिया आणि आफ्रिका खंडांत दूरवर आढळते. सड्याशी घट्ट जुळवून घेतलेले सगळेच सड्यापुरते नसते, हा मुद्दा वरवर साधा वाटला तरी लोकप्रिय लेखनात तो वारंवार निसटतो आणि ‘दुर्मीळ’, ‘स्थानिक’, ‘वैशिष्ट्यपूर्ण’, ‘धोक्यात आलेले’ ही चार वेगवेगळी विधाने एकाच विशेषणाच्या पोटात घातली जातात. कोकम पश्चिम घाट आणि त्याच्या पायथ्याच्या पट्ट्यापुरते प्रदेशनिष्ठ आहे, पण रत्नागिरीच्या परसबागेत त्याला कोणी दुर्मीळ म्हणणार नाही. उलट, वाघ भारतात विरळा झाला म्हणून तो भारताचा प्रदेशनिष्ठ प्राणी होत नाही.

विशेषणातला ‘प्रदेश’ कोणता, हा पुढचा प्रश्न, आणि येथे शास्त्रज्ञांची ढिलाई सर्वांत अधिक दिसते. तीच वनस्पती एका ग्रंथात महाराष्ट्राची, दुसऱ्यात पश्चिम घाटाची, तिसऱ्यात भारताची प्रदेशनिष्ठ म्हणून नोंदलेली असते, आणि तिन्ही विधाने एकाच वेळी खरी असू शकतात. फरक फक्त कुंपण किती लांब घातले याचा. राजकीय सीमा वापरल्या की गंमत आणखी वाढते. १ मे १९८१ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातून सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा काढण्यात आला, तेव्हा जुन्या जिल्ह्याच्या उत्तर व दक्षिण भागांत सारखीच वाढणारी एखादी वनस्पती आदल्या दिवसापर्यंत ‘रत्नागिरी जिल्ह्यापुरती’ होती ती दुसऱ्या दिवशी तशी राहिली नाही, आणि यात तिचे एक मूळही जागचे हलले नव्हते. थिओडोर कुक यांनी १९०१ ते १९०८ या काळात मुंबई इलाख्याच्या वनस्पतींचा जो मोठा ग्रंथ सिद्ध केला त्याचा प्रदेश तर आज नकाशावरच नाही. ज्या सीमेला निसर्गात आधार आहे, जसे जांभ्याचा सडा, नदीचे खोरे, घाटमाथा किंवा बेट, तिच्यावर आधारलेले विधान काही समजावते. जिल्ह्याच्या हद्दीवर आधारलेले विधान प्रशासनाच्या कामाचे असते, त्याहून अधिक नाही.

प्रदेशाइतकाच ‘काय प्रदेशनिष्ठ’ हाही प्रश्न आहे. जीवशास्त्रात जाती म्हणजे आपापसांत संतती निर्माण करणाऱ्या जीवांचा गट, आणि प्रजाती म्हणजे जवळच्या जातींचा समूह. हे विशेषण जातीला लागते तसे प्रजातीला, कुलालाही लागते, आणि वरच्या पायरीला लागले की त्याचे वजन वाढते. शिवनेरी व जुन्नरच्या परिसरातल्या कड्यांवर वाढणारे, मांसल खोडाचे शिवसुमन हे याचे बोलके उदाहरण. डॅल्झेलने १८६५ साली तत्कालीन गव्हर्नर बार्टल फ्रिअर यांच्या नावाने तिच्यासाठी स्वतंत्र प्रजाती निर्माण केली, आणि त्या प्रजातीत ही एकच जाती असल्यामुळे महाराष्ट्राला एक अख्खी प्रदेशनिष्ठ प्रजाती लाभली. पुढे वर्गीकरणकारांनी तिला इतरत्र पसरलेल्या नातेवाइकांच्या प्रजातीत समाविष्ट केले. कड्यावरचे रोप होते तिथेच राहिले, महाराष्ट्राबाहेर ते गेले नाही, जाती म्हणून ते प्रदेशनिष्ठच उरले. मात्र प्रदेशनिष्ठ प्रजाती कागदावरून नाहीशी झाली. वर्गीकरण हा मानवी निर्णय असल्यामुळे त्यावर टेकलेले विशेषणही त्या निर्णयाबरोबर हलते, आणि ‘महाराष्ट्रात इतक्या प्रदेशनिष्ठ प्रजाती’ असे आकडे वाचताना हे विसरून चालत नाही.

एखादी जाती एवढ्याशा जागेत का उरते, याची उत्तरे दोन प्रकारची आहेत. काही जाती जुन्या वैभवाचे अवशेष असतात. केरळातल्या घाटात सापडलेला आणि २००३ साली शास्त्राला ज्ञात झालेला नासिकाबॅट्रॅकस हा जमिनीखाली राहणारा जांभळा बेडूक त्यांतला. त्याचे जवळचे जिवंत आप्त हिंदी महासागरातल्या सेशेल्स बेटांवर आहेत, आणि मधले अंतर भारताचे भूखंड दक्षिणेकडच्या महाखंडातून तुटून उत्तरेकडे सरकल्याच्या काळाकडे बोट दाखवते. काही जाती याउलट अलीकडे, एखाद्या तुटक जागी वेगळ्या पडून घडलेल्या असतात आणि त्यांना पसरायला अजून वेळ किंवा वाट मिळालेली नसते. बेटांवर जे समुद्र करतो ते सह्याद्रीच्या माथ्यावर आणि कोकणच्या सड्यांवर दऱ्या, खाड्या आणि दाट झाडी करतात: उघड्या कातळावरचा जीव झाडीतून पलीकडच्या कातळावर जाऊ शकत नाही. आंबोलीच्या कातळावरच्या पावसाळी डबक्यांत अंडी घालणारा पिवळ्या अंगाचा भेक २००९ साली शास्त्रीय साहित्यात आला आणि तो आंबोलीच्या परिसरापलीकडे ठाऊक नाही. आंबोलीच्याच हिरण्यकेशीच्या उगमातला लहानसा मासा २०२० साली वर्णिला गेला आणि पुढच्याच वर्षी त्या स्थळाला जैविक वारसा स्थळाचा दर्जा मिळाला. पुराजीवशास्त्रात हेच विशेषण जीवाश्मांना लागते आणि तिथे ते साक्षीदाराचे काम करते: एखाद्या थरातले सागरी प्राणी इतर कुठल्याच खडकांत सापडत नसतील तर तो समुद्र त्या काळी इतर समुद्रांपासून तुटलेला असावा असे अनुमान निघते.

या सगळ्या विधानांच्या मुळाशी एक नकार आहे: ‘अन्यत्र नाही’. नकार सिद्ध करण्यासाठी शोध घ्यावा लागतो, आणि शोध सर्वत्र सारखा झालेला नसतो. कातळसड्यावरची बहुतेक वनस्पती पाच महिन्यांत आटोपते, आणि त्याच महिन्यांत तिथवर जाणे सर्वांत जिकिरीचे असते. मार्च-एप्रिलमध्ये केलेल्या पाहणीत सडा म्हणजे करपलेले गवत आणि दगड, याहून काही हाती लागत नाही. त्यामुळे प्रदेशनिष्ठ जातींचा नकाशा हा काही प्रमाणात वनस्पतिशास्त्रज्ञ कुठे आणि कधी फिरले याचाही नकाशा असतो. जाती शेजारच्या राज्यात आढळली की विशेषण सैल होते, आणि असे होणे ही शास्त्राची नामुष्की नसून रीत आहे.

वैद्यकाकडे वळले की भाषा तीच राहते आणि व्यवहार पालटतो. तिथे ‘अन्यत्र नाही’ याला किंमत नाही. मलेरिया अनेक खंडांत आहे आणि तरीही तो एखाद्या खोऱ्यात प्रदेशनिष्ठ म्हणवला जातो, कारण तिथे तो बाहेरून नव्याने न येता वर्षानुवर्षे आपल्या बळावर टिकून आहे. वनस्पतिशास्त्रात हे विशेषण असते किंवा नसते. वैद्यकात त्याला पायऱ्या आहेत. १९५१ साली जागतिक आरोग्य संघटनेने ठरवलेल्या मलेरियाच्या प्रतवारीत दोन ते नऊ वर्षांच्या मुलांची पोटे चाचपून किती जणांची पाणथरी, म्हणजे प्लीहा, वाढलेली आहे हे मोजले जाई: दहा टक्क्यांपर्यंत असेल तर प्रादुर्भाव अल्प, अकरा ते पन्नास टक्के असेल तर मध्यम, पन्नास टक्क्यांहून सतत अधिक असेल आणि प्रौढांतही पाणथरी वाढलेली आढळत असेल तर तीव्र, आणि मुलांत पंचाहत्तर टक्क्यांच्या वर पण प्रौढांत कमी असेल तर सर्वव्यापी. शेवटच्या पायरीतला विरोधाभास ध्यानात घेण्यासारखा आहे. प्रौढांत रोगाची खूण कमी दिसते ती रोग सौम्य असल्यामुळे नव्हे, तर तो इतका सर्वत्र आहे की जी मुले बालपणी वाचतात त्यांच्या शरीरात त्याच्याशी झगडण्याची ताकद आलेली असते. जी वाचत नाहीत त्यांची पाणथरी मोजायला कोणी येत नाही.

संसर्गाशी काडीचा संबंध नसलेल्या विकारांनाही वैद्यक हे विशेषण लावते. आहारात आयोडीन कमी पडले की गळ्यातली अवटू ग्रंथी सुजते. हा गलगंड ज्या भागातल्या शाळकरी मुलांत पाच टक्के किंवा त्याहून अधिक आढळतो तो भाग गलगंडाच्या दृष्टीने प्रदेशनिष्ठ धरतात. धुळ्याकडचा सातपुड्याचा पट्टा यासाठी महाराष्ट्रात जुना परिचित आहे. चंद्रपूर, यवतमाळ, नांदेड या जिल्ह्यांतल्या काही गावांत विहिरींच्या पाण्यात फ्लोराइड प्रमाणाबाहेर असल्यामुळे दात डागाळतात, पुढे हाडे ताठरतात. त्याला प्रदेशनिष्ठ फ्लोरोसिस म्हणतात. येथे रोग्याला गावाशी बांधणारी गोष्ट खडक आणि माती आहे, आणि एवढ्यापुरते वैद्यकाचे विशेषण दीपकाडीच्या विशेषणाजवळ येते. मात्र जवळीक तेवढीच. गलगंड मिठात आयोडीन घालून हटवता येतो आणि हटवणे इष्टच असते, तर सड्यावरची वनस्पती हटली तर ती जगातूनच जाते. एकाच विशेषणाने सुचवलेली कृती एका शास्त्रात राखण्याची आणि दुसऱ्यात निपटण्याची असते, हा भेद शब्दाकडे पाहून कोणालाही कळत नाही.

रोगप्रसाराच्या गणितात या विशेषणाला आणखी कोरडा अर्थ आहे. एका रोग्याकडून सरासरी एकाला रोग होत राहिला तर रोग वाढतही नाही, संपतही नाही. अशा समतोलाला गणिती प्रदेशनिष्ठ स्थिती म्हणतात. हा समतोल दहा रोग्यांवर होईल की दहा लाखांवर, यावर ते विशेषण मौन पाळते. २०२२ च्या आरंभी कोविड आता ‘एन्डेमिक’ होत आहे असे जगभर बोलले जाऊ लागले तेव्हा अनेकांनी त्याचा अर्थ ‘आता भीतीचे कारण नाही’ असा घेतला, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या अधिकाऱ्यांना मलेरियासारख्या रोगांचे दाखले देऊन सांगावे लागले की स्थिर म्हणजे निरुपद्रवी नव्हे. ५ मे २०२३ रोजी संघटनेने कोविडची जागतिक आणीबाणी संपल्याचे जाहीर केले ते आणीबाणीपुरते. विषाणू गेला असे त्यात म्हटलेले नव्हते. वृत्तपत्रांतून शास्त्रीय विशेषणे लोकांपर्यंत पोचतात तेव्हा त्यांच्याबरोबर त्यांच्या अटी पोचत नाहीत.

कीटकशास्त्र आणि वनशास्त्र यांनी तिसरीच वाट धरली आहे: तिथे हे विशेषण किडीच्या नेहमीच्या, सोसवणाऱ्या पातळीला लागते, आणि तिच्या पलीकडे गेलेली वाढ म्हणजे उद्रेक. समाजशास्त्रज्ञ व पत्रकार भ्रष्टाचार किंवा दारिद्र्य यांना हेच विशेषण जोडतात ते वैद्यकाच्या अर्थाने, पण त्यात ‘आता हे असेच चालायचे’ अशी हताशा मिसळून. या वापरात शास्त्र फारसे नाही, म्हणून त्याचा ऊहापोह येथे लांबवलेला नाही.

दोन्ही अर्थ एकाच ठिकाणी एकत्र येण्याचा दुर्मीळ योग माकडतापात दिसतो. १९५७ साली त्या वेळच्या म्हैसूर राज्यातल्या शिमोगा जिल्ह्यात क्यासनूरच्या जंगलात हा विषाणुजन्य ताप प्रथम ओळखला गेला. गोचिडी तो पसरवतात, वानरे त्याने मरतात, आणि जंगलात वावरणाऱ्या माणसांना तो होतो. जगात अन्यत्र तो ठाऊक नव्हता, म्हणून वनस्पतिशास्त्राच्या अर्थानेही तो त्या भागाचा होता. तिथे तो दरवर्षी उमटत राहिला, म्हणून वैद्यकाच्या अर्थानेही. पुढे कर्नाटकातले शेजारचे जिल्हे, केरळ, तामिळनाडू, गोवा अशी त्याची हद्द रुंदावली, आणि २०१६ साली सिंधुदुर्गातल्या दोडामार्ग तालुक्यात त्याचे रुग्ण मोठ्या संख्येने आढळले. गोचिडीची पिल्ले सर्वांत अधिक असतात ते हिवाळा-उन्हाळ्याचे कोरडे महिने, आणि काजूची बी गोळा करण्यासाठी माणसे बागांत व रानात वाकून फिरतात तेही तेच. रोगाचा पहिला अर्थ हद्द ओलांडल्यावर ढिला होतो. दुसरा अर्थ लागू होण्यासाठी मात्र तो तिथे ठरावीक वर्षे टिकलेला दिसावा लागतो. मधल्या काळात त्या तालुक्याला कोणते विशेषण द्यावे याचे उत्तर शब्दकोशात नसून गोचिडींच्या आणि मेलेल्या वानरांच्या नोंदींत असते.

काजूचा उल्लेख आला आहे तेव्हा कायद्याच्या क्षेत्रातला एक वापर पाहणे सोयीचे होईल, कारण तिथे हे विशेषण नाव न घेता वावरते. भौगोलिक मानांकन म्हणजे एखाद्या मालाची गुणवत्ता किंवा कीर्ती त्याच्या मुलखामुळे आहे हे कायद्याने मान्य करणे. सिंधुदुर्ग व रत्नागिरीच्या कोकमाला ते मिळालेले आहे. कोकणच्या हापूसला २०१८ साली मिळाले. आणि वेंगुर्ल्याच्या काजूलाही मिळालेले आहे. यांपैकी कोकम जीवशास्त्रीय अर्थाने प्रदेशनिष्ठ आहे. आंबा या भूभागाचा असला तरी हापूस हा कलमांनी जोपासलेला वाण आहे, त्याला जातीचा दर्जा नाही. काजू तर पोर्तुगीजांनी ब्राझीलहून आणलेले झाड. तिघांचे मानांकन सारखेच वैध आहे, कारण कायदा झाडाचे कूळ विचारत नाही, मुलूख आणि माल यांचे नाते विचारतो. मिरजोळ्याच्या वरकस उतारावर काजू लावणारा शेतकरी अशा प्रकारे कायद्याच्या दृष्टीने एका मुलखाशी बांधलेले पीक घेत असतो, आणि त्याच्याच पोटखराब्यात शास्त्राच्या दृष्टीने मुलखाशी बांधलेली वनस्पती त्याने न लावता उगवत असते. पहिल्याला बाजार आहे, दुसरीला सातबाऱ्यावर रकानाही नाही.

संरक्षणाच्या धोरणांत हे विशेषण मोजमापाचे साधन बनते, आणि तिथे त्याच्या शेजारी काय ठेवले जाते याला महत्त्व येते. माधव गाडगीळ यांच्या अध्यक्षतेखालील पश्चिम घाट परिसर तज्ज्ञ गटाने २०११ साली दिलेल्या अहवालात घाटाचे चौकोनी तुकडे पाडून प्रत्येकाला गुण दिले, आणि प्रदेशनिष्ठ वनस्पतींबरोबरच वनाच्छादन, समुद्रसपाटीपासूनची उंची, उतार यांचाही विचार केला. घाटाच्या कड्यांसाठी हे निकष रास्तच होते. पण समुद्राजवळच्या सखल, सपाट आणि झाडाविना असलेल्या सड्याला अशा मोजणीत उंचीचे, उताराचे किंवा वनाचे गुण मिळण्याची शक्यताच नसते. त्याची सारी मदार एका विशेषणावर येऊन पडते, आणि ते विशेषण ज्या नोंदींवर उभे राहायचे त्या पावसाळी नोंदी सर्वांत तुटपुंज्या. सातारच्या कास पठाराला २०१२ साली जागतिक वारसा यादीतल्या पश्चिम घाटात स्थान मिळाले, आणि कासचा माथाही जांभ्याचाच आहे. उंचावरच्या जांभ्याला जो मान मिळाला तो किनाऱ्यावरच्या जांभ्याला मिळाला नाही, याचे कारण तिथे प्रदेशनिष्ठता कमी आहे असे समजण्यापूर्वी ती किती शोधली गेली हे विचारणे भाग आहे. प्रदेशनिष्ठ असणे ही बाब आपोआप कायदेशीर संरक्षण देत नाही, हेही येथे स्पष्ट करायला हवे. त्यासाठी जाती किंवा स्थळ वेगळे अधिसूचित व्हावे लागते.

या विवेचनात पाळलेला संकेत याच अडचणींतून आलेला आहे. ‘प्रदेशनिष्ठ’ हे विशेषण पुढे फक्त ‘येथेच असणारा’ या अर्थाने योजले आहे आणि ते सहसा एकटे येत नाही: कोणता प्रदेश, वर्गीकरणाची कोणती पायरी आणि कोणत्या काळापर्यंतच्या नोंदी, हे शक्य तिथे त्याच वाक्यात दिलेले आहे. रोगांच्या बाबतीत ‘येथे टिकून असणारा’ या अर्थासाठी ‘स्थायी’ हा शब्द घेतला आहे, आणि त्याबरोबर प्रादुर्भावाचे प्रमाण सांगितले आहे. ‘स्थानिक’ हा शब्द मूळच्या पण अन्यत्रही आढळणाऱ्या जातींसाठी राखून ठेवला आहे, त्यामुळे दवबिंदू स्थानिक, दीपकाडी प्रदेशनिष्ठ आणि काजू या दोहोंपैकी काहीही नव्हे. पुढील प्रकरणांचा आरंभ सड्यावरील वनस्पतींपासून केला आहे, नंतर मलेरिया, गलगंड व फ्लोरोसिस येतात, आणि माकडताप शेवटी ठेवला आहे, कारण सिंधुदुर्गाच्या संदर्भात तेवढ्या एका रोगाला हे दोन्ही शब्द लावून पाहावे लागतात.